चित्र दिसतं, आवाज येत नाही

चष्म्याच्या दुकानावरच्या मजल्यावर तिची एका खोलीची जागा होती. बाहेरच्या पाटीवर 'जुन्या कॅसेट, नवे व्हिडिओ, सर्व कामे' एवढंच लिहिलेलं, आणि त्या पाटीमुळेच सगळे तिला कॅसेटताई म्हणत. लोक लग्नाच्या, बारशाच्या, शाळेच्या नाटकाच्या कॅसेट घेऊन येत. अलीकडे तर पेनड्राइव्ह घेऊन येणारेच जास्त. तक्रार ठरलेली. फोनवर चालतं, टीव्हीवर नाही. टीव्हीवर चित्र दिसतं, आवाज येत नाही.

"हे बघा, फाइल म्हणजे डबा," ती न कंटाळता सांगायची. "डब्यावर काय लिहिलंय ते सोडा. आत दोन कप्पे असतात. एकात चित्र, एकात आवाज. जागा कमी लागावी म्हणून दोन्ही दाबून भरलेले. ज्या रीतीनं भरले, त्याच रीतीनं उघडता आले पाहिजेत. तुमच्या टीव्हीला चित्राचा कप्पा उघडता येतो, आवाजाचा येत नाही. म्हणून मंडळी नुसती तोंडं हलवतात."

"आमच्या घरी उलट आहे हो," एक गिऱ्हाईक म्हणालं होतं. "टीव्ही बंद असला तरी आवाज थांबत नाही."

त्या दिवशी दुपारी जेवणाच्या सुट्टीत तिचा धाकटा भाऊ जिना चढून आला तेव्हा मात्र तिला थट्टा सुचली नाही. तो छापखान्यात कामाला होता. बोटांना शाई तशीच होती, दाढी वाढलेली होती. त्यानं खिशातून नखाएवढं मेमरी कार्ड काढून टेबलावर ठेवलं.

"ताई, हे डॉक्टरांच्या कॉम्प्युटरवर चालेल असं करून दे. उद्या सकाळी दाखवायचंय."

कार्ड कशाचं ते विचारायची गरज नव्हती. त्याची अकरा वर्षांची मुलगी, भिंगरी, गेल्या चार महिन्यांत चारदा पडली होती. नाव भिंगरी पडलं ते तिच्या पायाला कधी विसावा नसायचा म्हणून. तीच मुलगी बसल्या जागी पांढरीफटक होऊन कोसळायची, हातपाय झटकायची आणि मिनिटाभरानं डोळे उघडून "काय झालं?" म्हणून विचारायची. मेंदूच्या डॉक्टरांनी फिट म्हणून गोळ्या सुरू केल्या होत्या. गोळ्यांनी ती पेंगुळायला लागली, पण पडायची थांबली नाही. पहिल्या वेळेनंतर भावानं बाहेरच्या खोलीत कपाटावर एक छोटा कॅमेरा बसवला. नवरा-बायको दोघं कामावर, घरी फक्त ऐंशीचे आजोबा, म्हणजे कॅसेटताईचे बाबा. निदान काय होतं ते दिसावं, म्हणून. पुढच्या तिन्ही वेळा कॅमेऱ्यात आल्या.

"डॉक्टरांना फोनवर पाठवलं होतंस ना?" कॅसेटताईनं विचारलं.

"पाठवलं. त्यांनी बघितलंही. म्हणाले, झटक्याच्या आधी मुलगी एका बाजूला मान वळवते, हे फिटचंच लक्षण आहे. पण पाठवताना फोननं पार कोंबून टाकलं म्हणे, डोळे नीट दिसत नाहीत. मूळ फाइल आणा म्हणाले. मूळ फाइल त्यांच्या कॉम्प्युटरवर उघडतच नाही."

"आवाज आहे?"

"कॅमेऱ्याला माईकच नाही. मुकं आहे सगळं." तो उठला. "तू बघशील ना? मी… मला परत नाही बघवत."

तो गेला. जिन्यावरचे त्याचे पाय ऐकू येईनासे होईपर्यंत तिनं कार्डाला हात लावला नाही. आत्या होती ती. तिच्या मांडीवर भिंगरी बोलायला शिकली होती. पण एक स्कॅनिंगचं काम आधी उरकायचं होतं, त्याचं निमित्त करून तिनं तास-दीड तास काढला. मग काम संपलं आणि निमित्तही.

पहिली फाइल तिनं एरवीसारखी तपासली. चालवून बघायच्या आधी आत काय भरलंय ते वाचायचं, ही तिची सवय. चित्राचा कप्पा : साधाच, नेहमीचा. आणि त्याखाली आणखी एक ओळ होती.

आवाजाचा कप्पा : एक.

तिनं चष्मा पुसून परत वाचलं. कॅमेऱ्याला माईक होता. आवाज जुन्या टेलिफोनच्या रीतीनं भरलेला होता, हलका, दाणेदार, माणसाचं बोलणं कळण्यापुरता. असा आवाज चित्राच्या नव्या डब्यात कुणी घालत नाही, म्हणून भावाच्या फोनला तो उघडता आला नाही. फोननं तक्रारही केली नाही. चित्र दाखवलं, आवाज गिळला. डॉक्टरांकडे पाठवताना तर तो कप्पाच गळून पडला. चार महिने घरातल्या सगळ्यांनी, आणि डॉक्टरांनीही, भिंगरीचं पडणं मुकंच पाहिलं होतं.

चित्राला हात न लावता तिनं फक्त आवाज वेगळा काढून साध्या रीतीत बदलला. पडद्यावर त्याची रेघ उमटली. बराच वेळ ती रेघ केसासारखी बारीक, सपाट. मग एकदम काळा, दाट ठिपका. त्यानंतर लगेच गोंधळ.

दुसऱ्या फाइलचा आवाज काढला. सपाट रेघ, मग दाट ठिपका, मग गोंधळ.

तिसरीही तशीच.

तिन्ही रेघा तिनं एकाखाली एक लावल्या आणि हेडफोन कानावर चढवला.

पहिल्या चित्रात भिंगरी सोफ्यावर पुस्तक घेऊन पडली होती. कानात पंख्याची घरघर, पान उलटल्याचा आवाज, आतल्या खोलीतून आजोबांचं खोकणं. मग खणखणून टेलिफोन वाजला. आजोबांना कमी ऐकू येतं, म्हणून भावानं मुद्दाम शोधून आणलेला, अख्ख्या मजल्याला ऐकू जाईल असा. भिंगरी दचकली. तिनं टेलिफोनकडे मान वळवली. उठून दोन पावलं गेली आणि पत्त्यांच्या बंगल्यासारखी खाली आली.

कॅसेटताईनं फाइल थांबवली. हेच ते 'एका बाजूला मान वळवते'. आवाज काढून टाकला की ते लक्षण दिसत होतं. आवाज लावला की फोन वाजल्यावर कुणीही वळवेल तशी मान होती ती!

दुसऱ्या चित्रात भिंगरी झोपलेली होती. दाराची बेल वाजली, तिनं डोळे उघडले, उठून बसली, आणि बसल्याबसल्याच मागे गेली. तिसऱ्यात आजोबांच्या गोळ्यांचा गजर. तोही तसाच, कानठळ्या बसवणारा; कपाटावर कॅमेऱ्याच्या शेजारीच असल्यामुळे रेघ वर-खाली दोन्हीकडे फाटली होती. आणि गजराच्या त्या गोंगाटाखाली, आवाज दहा वेळा वर-खाली करून ऐकल्यावर, भिंगरीचं बारीकसं "आजो…" ऐकू आलं. पुढचं अक्षर आलंच नाही.

तीन वेळा. तीन घंट्या.

गजर कधी लागतो? चित्राच्या कोपऱ्यात वेळ होती. चार वाजून शून्य मिनिटं.

तिनं भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं. तीन वाजून एकोणचाळीस मिनिटं झाली होती. भिंगरी घरीच होती; शेवटच्या वेळेनंतर तिला शाळेत पाठवत नव्हते. दुपारी या वेळेला ती सोफ्यावर पेंगत असते, हेही कॅसेटताईला ठाऊक होतं. तिचा हात आपोआप फोनकडे गेला. घरी सांगावं, बाबांना म्हणावं तो गजर बंद करा. अर्धा नंबर लावल्यावर बोट जागच्या जागी गोठलं.

फोन करायचा म्हणजे तिथे घंटा वाजवायची.

तिनं फोन निखारा हातात आल्यासारखा टेबलावर टाकला. मग परत उचलला. वहिनी औषधांच्या कारखान्यात पॅकिंगला होती, तिचा फोन पाळी सुटेपर्यंत कपाटात बंद असायचा. शेजारी? शेजाऱ्यांचा नंबर तिच्याकडे नव्हता. दार कुलूप न लावता नुसतं ओढून घेत ती जिन्याकडे धावली. जिना उतरता उतरता भावाला मेसेज लिहायला घेतला. 'भिंगरीला धोका आहे मी घरी जातेय घरी फोन', आणि शेवटच्या पायरीवर पाय सटकला. कठडा धरून तिनं तोल सावरला, फोन खिशात कोंबला आणि पळत सुटली.

एरवी वीस मिनिटांची वाट. पन्नाशीच्या बाईनं शेवटचं केव्हा धावलेलं असतं? पहिल्याच वळणावर बरगडीखाली कळ आली. रस्त्यावर गाड्यांचे हॉर्न वाजत होते, आणि तिला प्रत्येक हॉर्न भिंगरीच्या कानात वाजल्यासारखा वाटत होता. एका दुकानाच्या पायरीवर कुणीतरी सायकलची घंटा वाजवून बघत होतं, ट्रिंग, ट्रिंग, ट्रिंग. तिला ओरडावंसं वाटलं. जगात एवढ्या घंट्या आहेत हे तिला आजवर जाणवलंच नव्हतं. मनात एकीकडे हिशोबही चालला होता. गजर तर रोज लागतो, दिवसातून तीनदा. रोज कुठे पडते ती? मग आपलंच काही चुकतंय का? चुकलंच असू दे. वेडी ठरले तर ठरले. देवा, मला वेडी ठरव.

घरासमोर पोचली तेव्हा मनगटावरच्या घड्याळात चार वाजायला सहा मिनिटं उरली होती. दार बंद. तिचं बोट बेलच्या बटणावर जाऊन टेकलं होतं. फक्त दाबायचं बाकी होतं. ते बोट तिनं दुसऱ्या हातानं धरून मागे ओढलं.

दार ठोठावायची सोय नव्हती. बाबा दुपारी कानाचं मशीन काढून झोपतात; त्यांना जाग यायची नाही, आणि जिला यायची तिला तर दचकवायचंच नव्हतं. ती घराला वळसा घालून बाजूच्या बोळात गेली. खोलीची खिडकी उघडी होती. गजांमधून सोफा दिसत होता, सोफ्यावर भिंगरी, एक पाय खाली लोंबकळत. कपाटावर गजराचं ते लाल घड्याळ.

तिला धाप लागली होती. एवढ्या धापेनं बोललं तर शब्द फेकले जातील. तिनं तोंडावर हात दाबून तीन श्वास मोजले. मग लहानपणी तिला झोपवताना करायची तसं अगदी खालच्या पट्टीत गुणगुणायला लागली. न शब्द, न चाल, नुसता गळ्यातला हुंकार. पाय हलला. डोळे उघडले.

"आत्या?" भिंगरी कुजबुजली. "चोरासारखी काय आलीस?"

"गंमत आहे. बोलू नकोस. हळूच उठ, हळूच दार उघड. घाई नाही."

दाराची कडी निघाली. ती आत शिरली, चप्पल न काढता खुर्ची ओढली, वर चढली, आणि लाल घड्याळ उलटं करून त्यातले सेल काढले. तीन सत्तावन्नला काटा थांबला.

"आत्या, आजोबा ओरडतील. त्यांच्या गोळ्या…"

"मी देते त्यांच्या गोळ्या. तू बस. इथे, माझ्याजवळ. नाही, आधी थांब." तिला टेलिफोन दिसला होता. खिडकीखालच्या तिपाईवर तो थोराड काळा डबा बसला होता. त्याची वायर भिंतीतून ओढली की झालं. ती खुर्चीवरून उतरली, तिपाईपाशी वाकली, वायर बोटांत आली.

आणि टेलिफोन वाजला.

तिनं वायर हिसडली. एकच घंटा, तीही अर्धी. पण मागे धप्प आवाज झाला.

भिंगरी जमिनीवर होती. डोळे अर्धवट उघडे, ओठ निळे. या वेळी हातपायही झटकत नव्हते. कॅसेटताईनं तिच्या नाकाशी गाल नेला. काही लागलं नाही. मानेवर बोटं ठेवली; तिच्या स्वतःच्या बोटांत एवढी नाडी उडत होती की दुसऱ्याची कळेना. दोन वर्षांपूर्वी एका संस्थेला प्रथमोपचाराचा व्हिडिओ तिनं सहा तऱ्हेच्या यंत्रांवर चालेल असा करून दिला होता. सहाही वेळा तो पहिल्यापासून शेवटपर्यंत पाहावा लागला होता. छातीच्या मधोमध तळहात, कोपर ताठ, जोरात, भरभर. त्यातली बाई मोठ्यानं आकडे मोजायची. कॅसेटताई मोजायला लागली. एक, दोन, तीन, चार. तिच्या तळव्याखाली ते बारकं हाड लवत होतं. मोडेल, मोडलं तर मोडू दे. अकरा, बारा. "बाबा!" ती ओरडली. आता ओरडायला काय हरकत होती? "बाबा! उठा!" सतरा, अठरा.

बाविसाव्या की तेविसाव्याला भिंगरीच्या तोंडून हवा आत गेल्याचा घर्र आवाज आला. मग खोकला. मग रडणं.

इतका सुंदर आवाज आपण आयुष्यात ऐकलेला नाही, असं तिला पुढे कितीतरी वेळा वाटलं. पण त्या क्षणी काहीच वाटलं नाही. ती नुसती मुलीचं डोकं मांडीवर घेऊन बसून राहिली. दारात बाबा उभे होते, धोतराचा सोगा हातात, कानात मशीन नाही. "काय झालं? काय झालं?" विचारत होते. तिच्या खिशात फोन थरथरला. भाऊ होता.

"ताई, घरी फोन लागत नाहीये! वाजला आणि एकदम कट झाला. तुझा मेसेज आत्ता पाहिला. तूच लिहिलंस ना, घरी फोन? मी घरीच केला. काय झालंय?"

तिनं मेसेज उघडून पाहिला. 'भिंगरीला धोका आहे मी घरी जातेय घरी फोन'. 'करू नकोस' हे दोन शब्द लिहायचे राहिले होते. पाय सटकला तेव्हा अंगठा पाठवायच्या बटणावर पडला होता.

"अँब्युलन्स बोलाव," ती एवढंच म्हणाली. "आणि त्यांना सांग, घरासमोर भोंगा वाजवायचा नाही."

मोठ्या हॉस्पिटलात भिंगरीच्या छातीला वायरी लावल्या तेव्हा संध्याकाळ झाली होती. वहिनी कारखान्यातले कपडे न बदलताच आली होती. मुलीचा पाय धरून खाटेच्या टोकाशी बसली ती हललीच नाही. कॅसेटताई दुकानात जाऊन कार्ड आणि बदललेल्या फाइली घेऊन आली. हॉस्पिटलची यंत्रं जुनी असणार, म्हणून तिनं सगळ्यात जुन्या, सगळ्यात साध्या, कुठेही उघडेल अशा रीतीत तिन्ही चित्रं करून आणली होती. आवाजासकट.

हृदयाच्या डॉक्टरबाई यायच्या होत्या. त्यांच्या हाताखालच्या तरुण डॉक्टरनं पेनड्राइव्ह घेतला, खाटेशेजारच्या गाडीवरच्या कॉम्प्युटरला लावला. "अरे वा, लगेच उघडलं!" तो म्हणाला, "बघू या काय आहे," आणि चालू करायला बोट नेलं. भिंगरी चार हातांच्या अंतरावर डोळे मिटून पडली होती.

कॅसेटताईनं त्याचं मनगट पकडलं. इतकं घट्ट की तो "अहो!" म्हणून मागे सरला.

"इथे नाही," ती म्हणाली. "त्यात घंटा आहे. तीच घंटा. तिच्याजवळ वाजवू नका."

त्यानं स्वतःच पेनड्राइव्ह काढला.

डॉक्टरबाईंच्या खोलीतल्या कॉम्प्युटरला स्पीकरच नव्हते. हॉस्पिटलात कॉम्प्युटरला स्पीकर कोण लावतो? कॅसेटताईनं पिशवीतून आपला हेडफोन काढून दिला. बाईंनी तिन्ही चित्रं दोनदा पाहिली. हेडफोन काढून त्यांनी भिंगरीच्या छातीच्या आलेखाचा कागद टेबलावर पसरला आणि त्यावर पेन्सिलीनं एक अंतर दाखवलं.

"प्रत्येक ठोक्यानंतर हृदयाला पुढच्या ठोक्यासाठी तयार व्हायला थोडा वेळ लागतो. हिच्या हृदयाला तो जास्त लागतो. हे बघा, एवढा. तेवढ्यात मुलगी दचकली, की कधीकधी लय बिघडते. रक्त मेंदूपर्यंत पोचत नाही. मग हातपाय झटकतात आणि बघणाऱ्याला फिट वाटते."

"पण शाळेतही घंटा वाजते," भाऊ म्हणाला. "घरीही रोज वाजते."

"शाळेत ती घंटेची वाटच बघत असते. घरी पडून असते, झोपेत असते, बेसावध. आणि प्रत्येक वेळी होतं असं नाही. होत नाही म्हणूनच कळायला उशीर लागतो." त्यांनी हेडफोन कॅसेटताईकडे सरकवला. "आवाजाचं नुसतं सांगितलं असतंत, तरी आलेख काढला असता आम्ही. पण आवाज आहे हेच कुणाला माहीत नव्हतं, नाही का?"

भावानं मान खाली घातली. "मला वाटलं माईक नाहीये."

"आज फोन कुणी केला होता?" बाईंनी विचारलं. नुसती नोंद करायला विचारलं होतं.

"मी," भाऊ म्हणाला.

"माझ्या मेसेजमुळे," कॅसेटताई म्हणाली.

बाईंनी दोघांकडे पाहिलं आणि काहीच लिहिलं नाही. "हे बहुतेक वेळा घराण्यातून येतं," त्या म्हणाल्या. "तुमच्या घरात कुणी अचानक गेलंय का? तरुण वयात?"

बहीण-भावांनी एकमेकांकडे पाहिलं. आई. भाऊ चार वर्षांचा होता तेव्हा, ती अकराची. आई झोपेत गेली, एवढंच त्यांना सांगितलं होतं. बाबा आजवर त्यावर कधी बोलले नव्हते. ते खुर्चीत बसून एकेकाच्या ओठांकडे बघत होते. मशीन घाईत घरीच राहिलं होतं. कॅसेटताईनं कागदावर मोठ्या अक्षरात लिहिलं : आई कशी गेली?

बाबांनी कागद डोळ्यांजवळ नेला, मग लांब धरला.

"पहाटे गजर लावला होता," ते म्हणाले. ऐकू न येणाऱ्या माणसाचा मोठा आवाज त्या खोलीत फारच मोठा वाटला. "तिला गाडी पकडायची होती. गजर वाजला. ती अंथरुणात उठून बसली, मी पाहिलं. परत आडवी झाली. मला वाटलं, पाच मिनिटं झोपू दे." त्यांनी कागदाची घडी केली. "मीच म्हटलं, झोपू दे."

डॉक्टरबाईंनी त्याच संध्याकाळी सगळ्यांचे आलेख काढायला लावले. बाबांचा नीट निघाला. कॅसेटताईचा नीट निघाला; पडल्यापडल्या छातीवरच्या गार चकत्यांखाली ती स्वतःसाठी घाबरलीच नाही, याचं तिला नंतर नवल वाटलं. भावाचा कागद मात्र त्या तरुण डॉक्टरनं बाईंना नेऊन दाखवला, बाईंनी पेन्सिल घेतली, आणि तेच अंतर मोजलं.

"मी तर कधी पडलो नाही," भाऊ हसायला गेला. "छापखान्यात यंत्रं किती आवाज करतात! पाळीचा भोंगा तर…"

बोलता बोलता त्याचा चेहरा बदलला. कॅसेटताईनं त्याचा शाईनं माखलेला हात हातात घेतला. लहानपणी विजा चमकल्या की धरायचा तसाच त्यानं तिचा घट्ट धरला.

भिंगरीला आणि त्याला, दोघांना एकाच नावाच्या गोळ्या सुरू झाल्या, फक्त मात्रा वेगळी. फिटच्या गोळ्या बंद झाल्या आणि मुलीची पेंग आठवड्यात उतरली. चुकवता येणार नाहीत अशा औषधांची यादी आणि द्यायची नाहीत अशा औषधांची मोठी यादी वहिनीनं दाराच्या आतल्या बाजूला चिकटवली. भावानं छापखान्यात काम बदलून मागितलं, भोंग्यापासून लांबच्या बांधणी खात्यात. चौघांमध्ये न बोलता एक नियम ठरून गेला. फोन करायचा नाही, लिहायचं. आणि लिहिलेलं पाठवण्याआधी शेवटपर्यंत वाचायचं.

दीड महिन्यानं भिंगरी शाळेत परत गेली. पहिल्या दिवशी मधल्या सुट्टीच्या वेळी कॅसेटताई दुकान बंद करून शाळेच्या समोरच्या फुटपाथवर जाऊन उभी राहिली. तिथे भाऊ आधीच उभा होता, भिंतीला टेकून, हात खिशात. कामावरून तोही न सांगता आला होता. शाळेची घंटा झाली तेव्हा दोघांनीही श्वास धरला, आणि कॅसेटताईचं लक्ष फाटकाकडे नव्हतं, भावाच्या चेहऱ्याकडे होतं.